वहिनीचा डावा कान

माझ्या वहिनीनं पंचेचाळीस वर्षं लोकांना हसवलं, आणि ती पंचेचाळीस वर्षं मी तिचा डावा कान बघत बसले. पाळीमागे एक तीळ आहे. कानावर केसांची एक बट आहे, ती कुठल्याच पिनेला जुमानत नाही. आणि बाईसाहेब आता घोळ घालणार असतील तर पाळी आधी लाल होते. तिच्या चेहऱ्याबद्दल कुणी विचारलं तर मला क्षणभर आठवावं लागायचं. कारण मी प्रॉम्प्टर. माझी जागा डाव्या विंगेत, वाळूच्या लाल बादलीशेजारी, तीन पायांच्या स्टुलावर. उजव्या विंगेत विजेचा बोर्ड होता आणि तो अधूनमधून चटचट करायचा, म्हणून डावी.

वहिनी मुळात नटी नव्हती. बस डेपोच्या मागच्या त्या थिएटरात ती तिकीटखिडकीत बसायची. माझा दादा तिथे दिवे सांभाळायचा आणि मी नाटकांच्या प्रती टाइप करून प्रयोगाला प्रॉम्प्टिंग करायचे. दादा जन्माचा अबोल. रोज दुपारी खिडकीपाशी जाऊन तो विचारायचा, "आज गर्दी आहे का?" आणि ती म्हणायची, "तुम्ही आलात ना, झाली गर्दी." आठ महिने हा एवढाच संवाद चालला आणि मग त्यांनी लग्न केलं. या बाईचं कमी वाक्यांत भागतं, हे मला तेव्हाच कळायला हवं होतं.

घरात आली तशी ती मला 'वन्सं' म्हणायला लागली. मी तिच्याहून वर्षानं लहान, तरी वन्सं. त्या शब्दात मान किती आणि खोडी किती, हे मला अजून ठरवता आलेलं नाही. 'अहो वन्सं' चार दिवस टिकलं. पाचव्या दिवशी मी दुधाचं पातेलं करपवलं आणि 'अगं वन्सं' सुरू झालं ते कायमचं.

त्या वर्षी आमचं जे नाटक जोरात होतं ते एका निवृत्त सेनापतीच्या घरात घडायचं. दोन अंक, चार दारं, एक भलंमोठं कपाट. दुसऱ्या अंकात मोलकरीण येते आणि म्हणते, 'साहेब, चहा आणलाय.' संपलं तिचं काम. एके दिवशी मोलकरणीचं काम करणाऱ्या मुलीला गालगुंड झालं. दुपारी तीन वाजता मालक तिकीटखिडकीपाशी आले, आत वाकून बघितलं आणि म्हणाले, "तुझे गाल तसेच आहेत. चल." वहिनीनं खिडकीवर 'तिकिटे संपली' ही पाटी लावली, जी मुळीच संपली नव्हती, आणि आत आली.

मी तिला मोलकरणीचा काळा झगा चढवून घाईघाईनं मागची बटणं लावत होते.

"वन्सं, मला आठवणार नाही गं."

"तीन शब्द आहेत, वहिनी."

"तेच तर. तीनातला एक गेला तर राहिलं काय?"

"तू काही लक्षात ठेवूच नकोस. मी विंगेतून सांगेन ते म्हण."

"जे सांगशील ते?"

"जे सांगेन ते."

हे मी बोलायला नको होतं.

ती ट्रे घेऊन आत गेली, सेनापतीसमोर उभी राहिली आणि पुतळा झाली. मी कुजबुजले, "साहेब, चहा आणलाय." तेवढ्यात ती जराशी वळली आणि माझ्या लक्षात आलं की घाईत मधलं बटण लावायचंच राहिलं होतं. माझं तोंड पहिल्यापासून फाटकं. मी त्याच दमात म्हणाले, "आणि मागचं बटण लाव, सगळं दिसतंय."

वहिनीनं सेनापतीच्या डोळ्यांत बघितलं आणि शब्द न गाळता म्हटलं, "साहेब, चहा आणलाय. आणि मागचं बटण लाव, सगळं दिसतंय."

सेनापतीचं काम करणारे नट म्हणजे मोठं प्रस्थ. तीस वर्षांत त्यांच्याशी कुणी मोठ्या आवाजात बोललं नव्हतं. त्यांचा हात आपसूक पाठीमागे गेला. हाताला बटण सापडेना, कारण त्यांच्या कोटाला बटणं पुढेच होती, पण त्या घटकेला ते त्यांना कोण सांगणार. ते आपली पाठ बघायला जागच्या जागी गोल फिरले. दुसऱ्या फेरीला अर्धी मिशी सुटली. प्रेक्षागृहात जे सुरू झालं त्याला हशा म्हणणं अपुरं आहे. दुसऱ्या रांगेतले एक आजोबा खुर्चीवरून घसरून खाली बसले आणि उठवायला गेलेल्या दोघांचं हसून अवसान गळालं. या सगळ्यात वहिनी ट्रे धरून तशीच उभी. पुढचं काही मी सांगितलं नव्हतं ना, मग ती हलणार कशी?

पडदा पडल्यावर मालकांनी आम्हा दोघींना उद्यापासून येऊ नका म्हणून सांगितलं. पण वहिनीची खिडकीची नोकरी वेगळी होती, ती दुसऱ्या दिवशी खिडकीत जाऊन बसली. पहिल्याच माणसानं विचारलं, "ती बटणवाली आहे का आज?" वहिनी म्हणाली, "आहे." तो म्हणाला, "नक्की?" ती म्हणाली, "तिच्या तोंडचं सांगतेय." रांग कोपऱ्यावरून वळून डेपोच्या फाटकापर्यंत गेली. मालक मागे उभं राहून सगळं ऐकत होते. त्यांनी खाकरून घसा साफ केला आणि मला निरोप पाठवला, की स्टूल पुसून ठेवलंय.

त्या दिवसापासून ती गावभर बटणबाई झाली. आणि दर प्रयोगाआधी तिच्या मागची बटणं मी लावायची, वरून खाली, एकेक ओढून बघत, हा आमचा नेम झाला. त्यात पंचेचाळीस वर्षांत एकदाच खंड पडला. ते पुढे येईलच.

लोकांना वाटायचं ही बाई हजरजबाबी आहे. खरं काय होतं, तर ही बाई आज्ञाधारक होती. तिनं संहिता कधी पाठच केली नाही. सुरुवातीला करून बघितलं, तर पाठ केलेलं वाक्य ती बसचं वेळापत्रक वाचावं तसं म्हणायची. पण तेच कानावर पडलं की पहिल्यांदाच ऐकल्यासारखी दचकायची, कारण ती ते खरंच पहिल्यांदा ऐकत असायची. काल ऐकलेलं आज तिच्या डोक्यात नसायचं. आणि मी नुसत्या ओळी वाचून गप्प बसणारी नव्हे. मला माणसांचा राग लवकर येतो, नाटकातल्या माणसांचा तर त्याहून लवकर. नायक तिसऱ्यांदा तेच रडगाणं गायला लागला की मी ओळीच्या शेपटीला पुटपुटायचे, "याला कुणीतरी कामधंदा द्या." वहिनी ते मोठ्यानं म्हणायची आणि थिएटर डोक्यावर घेतलं जायचं.

आमचे एक लेखक होते. पहिल्यांदा ते मध्यंतरात तावातावानं विंगेत आले आणि म्हणाले, "ते कामधंद्याचं वाक्य माझं नाही." रविवारच्या पेपरात त्याच वाक्याचं कौतुक छापून आलं, लेखकाची तिरकस नजर वगैरे. सोमवारी ते पेढे वाटणाऱ्याच्या आनंदानं आले आणि मला म्हणाले, "माझं ते कामधंद्याचं वाक्य नीट स्पष्ट सांगत जा हं." मी म्हटलं, सांगेन की.

प्रॉम्प्टरनं हसायचं नसतं. हसलं की डोळ्यांत पाणी येतं, ओळ चुकते आणि समोरचा माणूस उघड्यावर पडतो. म्हणून मी कधी हसले नाही. वहिनीला हे खुपायचं. प्रयोग संपला की मेकअपच्या खोलीत मी तिची बटणं काढायला लागायचे आणि ती आरशातून विचारायची, "हसलीस?" मी म्हणायचे, "नाही." ती म्हणायची, "बरं." दर प्रयोगाला हेच, पावती फाडल्यासारखं.

मग सिनेमावाले आले. सिनेमात विंग नसते ही अडचण दिग्दर्शकानं मोठ्या गंभीरपणे आमच्यासमोर मांडली. वहिनी म्हणाली, "वन्सं मावेल कुठेतरी." मी मावले. सोफ्यामागे मावले, पलंगाखाली मावले, धुण्याच्या टोपलीत चादरींखाली मावले. टोपलीत होते त्या दिवशी जेवणाची सुट्टी झाली आणि मला बाहेर काढायचं सगळे विसरले. मी तासभर आतून हाका मारल्या; ध्वनिमुद्रण करणाऱ्या माणसाला वाटलं त्याच्या यंत्रात बिघाड आहे, आणि त्यानं बिचाऱ्यानं ते सगळं उघडून साफ केलं. एकदा सोफ्यामागची धूळ माझ्या नाकात गेली आणि भर चित्रीकरणात मला शिंक आली. वहिनीनं सोफ्याकडे वळून म्हटलं, "याला ऊन दाखवायला हवं." ते सिनेमात ठेवलं. लोक आजही ते सांगतात. फक्त ते वाक्य, आणि सिनेमातलं हे एकच, मी सांगितलेलं नव्हतं. मी तेव्हा शिंकत होते.

तिचे सिनेमे मी सगळे बघितले असं म्हणता येईल. पण मी बघायचे तो सोफा. माझं कोपर दिसतंय का, टोपलीचं झाकण हलतंय का, पडद्याखाली चपला दिसतात का. शेजारची माणसं हसून वाकायची आणि मी आपली फर्निचरवर डोळा ठेवून बसलेली. दोन सिनेमांत माझं कोपर आहे. एकात डाव्या पायाचा अंगठा.

आता जे सांगायचं आहे ते मला फारसं शोभणारं नाही. वहिनी साठीला आली तेव्हा तिला मोठं बक्षीस मिळालं. हसऱ्या मुखवट्याचं एक पितळी ध्यान. आभाराचं भाषण मीच लिहिलं आणि मंचावर फुलांच्या उंच कुंडीमागे उकिडवी बसून मीच सांगत होते. मालकांचे आभार, लेखकांचे आभार, दादाचे आभार. माझं नाव मी लिहिलं नव्हतं. आपणच कसं लिहिणार? ते ती घालेल असं मला वाटलं होतं. तिनं दादापर्यंत सगळे आभार मानले आणि थांबली, कारण कागद तिथे संपला होता. मला इतकं लागलं की मी कुंडीमागून बोलून गेले, "माझं नाव कशाला घेशील तू."

आणि वहिनी ध्वनिक्षेपकात म्हणाली, "माझं नाव कशाला घेशील तू."

झालं असं होतं की तिला बक्षीस देणारे पाहुणे ऐनवेळी तिचं नाव विसरले होते आणि 'आपल्या या लाडक्या बाई' म्हणून त्यांनी वेळ मारून नेली होती. सगळ्या सभागृहाला वाटलं ही त्यांना टोमणा मारतेय. लोक उभे राहिले. पाहुणे स्वतः टाळ्या वाजवायला लागले. दुसऱ्या दिवशी पेपरात 'हजरजबाबीपणाची राणी' असा मथळा. मी तिथून वेगळ्या बसनं घरी आले आणि दोन महिने तिच्याशी बोलले नाही.

म्हणजे घरात बोलले नाही. विंगेत बोलावंच लागायचं. तिथे मी ओळ सांगायचे आणि पाठोपाठ मनातलं. "या, बसा पाहुणे. आणि मोरीतला नळ नीट बंद करत जा, सारखा ठिबकतो." वहिनी हे पाहुण्यांना सांगायची, आणि मग स्वतःच्या पदरचं घालायची, "नळ मी नाही, तुझ्या भावानं उघडा ठेवला." पाहुण्यांचं काम करणारे नट एकमेकांकडे बघत राहायचे. दादानं त्या वाक्याला दिवे एकदम मंद केले. घरातलं भांडण सातशे माणसांसमोर चाललं होतं आणि सातशे माणसं टाळ्या देत होती. शेवटी दादाच जेवताना म्हणाला, "तुम्ही दोघी मिळून एक बाई आहात. वेगळ्या वेगळ्या काही कामाच्या नाहीत." तो आठवड्याला एवढंच बोलतो, त्यामुळे आम्ही ते ऐकलं. पितळी ध्यान स्वयंपाकघराचं दार उघडं धरून ठेवायला लावलं आणि आमचं पुन्हा सुरू झालं.

पण माझ्या मनात ते बसलं ते बसलंच. लोक हसतात ते माझ्या शब्दांना, असा माझा हिशेब होता. ती फक्त भोंगा. हे मी कधी कुणाला बोलून दाखवलं नाही, पण दहा वर्षं रोज विंगेत बसून मनाशी म्हणत होते.

मग माझा घसा बसला. तो महिनाभर उठेना म्हणून मी आणि वहिनी डॉक्टरकडे गेलो. त्यांनी आत आरसा घालून बघितलं आणि म्हणाले, स्वरयंत्रावर छोटी गाठ आहे, साधी आहे, काढून टाकू. पण नंतर सहा आठवडे आवाज पूर्ण बंद. मी विचारलं, "कुजबुजलं तर चालेल?"

"कुजबुजणं तर मुळीच नाही. त्यानंच घसा जास्त ताणतो. हसणं, खाकरणंसुद्धा टाळा, नाहीतर आवाज कायमचा जाईल." त्यांनी कागद पुढे ओढला. "व्यवसाय काय तुमचा?"

"कुजबुजणं," वहिनी म्हणाली.

गाठ काढली. मी गळ्यात पाटी आणि खडू अडकवून घरात फिरायला लागले. आणि नेमकं तेव्हाच मालकांच्या मुलीनं, जी आता थिएटर बघते, येऊन सांगितलं की थिएटरची डागडुजी पूर्ण झालीय आणि ते सेनापतीचं नाटक घेऊन ते पुन्हा उघडायचंय. एकच प्रयोग, दुपारचा. वहिनीनं मोलकरीण नाही करायची; सेनापतीची बायको करायची. नाटकातलं सगळ्यात मोठं काम. पंचेचाळीस वर्षं ती मोलकरीण, शेजारीण, आत्या, नर्स असंच काहीबाही करत आली होती. मध्यभागी उभं राहायचं काम तिला कुणी दिलंच नव्हतं. प्रयोगाची तारीख माझ्या चौथ्या आठवड्यात पडत होती.

"नाही करत," वहिनी म्हणाली. मुलगी गेल्यावर तासाभरानं म्हणाली, "करावंसं फार वाटतंय गं."

त्यांनी दुसरी प्रॉम्प्टर बघितली. वहिनी एक तालीम करून परत आली. "काय गोड बोलते ती," म्हणाली. "गोड बोलण्यावर मी चेहरा तरी कसा करू?" मग तिनं ठरवलं, सत्तरीत पहिल्यांदा, की पाठ करायचं.

तीन आठवडे आमच्या स्वयंपाकघरात शाळा भरली. ती भाजी चिरत ओळी म्हणायची आणि मी समोर संहिता धरून, चुकली की पाटीवर काट मारायचे. ती पुन्हा बसच्या वेळापत्रकासारखं बोलत होती. एकेक वाक्य मेलेलं. प्रयोगाच्या आदल्या सकाळी ती अर्धा कांदा हातात धरून म्हणाली, "उद्या कुणी हसलं नाही तर मी कोण राहिले, वन्सं? खिडकीतली बाई." मी पाटीवर लिहिलं, 'हसतील.' पण मला खरं तसं वाटत नव्हतं. आणि त्याहून वाईट म्हणजे, ती थोडी पडावी अशी माझी इच्छा होती. एकदा तरी लोकांना कळावं की विंगेत कुणी नसलं तर काय होतं. ही माझी वहिनी, जिनं मला पंचेचाळीस वर्षं घरात आईसारखं सांभाळलं, आणि मी हे मनात घेऊन चांगले कपडे करून तिच्या प्रयोगाला निघाले.

तिसऱ्या रांगेत मधोमध मी आणि दादा. दादा आता दिव्यांचं काम करत नाही, पण नव्या दिव्यांकडे बघून नाक मुरडत होता. पडदा वर गेला. त्या थिएटरात मी जन्म काढला होता आणि समोरून रंगमंच कधी बघितला नव्हता. केवढा मोठा होता तो.

वहिनी आली. बोलली काहीच नाही. तिला बसायचं होतं, आणि ती खुर्चीकडे बघत होती. नुसतं बघत होती. ही खुर्ची आपल्याला बसू देईल की नाही, असा विचार तिच्या कपाळापासून निघून गालावरून हनुवटीपर्यंत उतरला. लोक हसायला लागले. मी संहिता पाठ असलेली बाई. मला माहीत होतं की इथे एकही शब्द नाही. मी दादाकडे बघितलं. तो माझ्याकडे बघून मान हलवत होता, इतके दिवस कुठे होतीस असं.

मग दुसरा अंक, आणि चहा. नवी मोलकरीण ट्रे घेऊन आली. माझं ते वाक्य आता छापील संहितेत आहे. मी सावरून बसले. मुलीनं ते स्पष्ट, खणखणीत, जिथे जोर द्यायला हवा तिथे देऊन म्हटलं: "आणि मागचं बटण लाव, सगळं दिसतंय." चारपाच माणसं हसली, तीही ओळखीनं. माझं वाक्य गेलं. रंगमंचावरून टपकन खाली पडलं.

आणि मग वहिनीचा हात, सावकाश, कुणाच्या लक्षात येऊ नये अशा बेतानं, स्वतःच्या पाठीमागे गेला. तो मागे पोचला आणि तिचा चेहरा बदलला. भुवया आधी वर गेल्या, मग तिनं त्यांना खाली बोलावलं, त्या येईनात, मग तिनं एकीवर समाधान मानलं. ओठ म्हणत होते काही झालेलं नाही. गाल म्हणत होते झालेलं आहे. थिएटर हशानं कोसळलं. माझ्या मागची बाई माझ्या खुर्चीची पाठ धरून रडत हसत होती. मला कळलं, अगदी लख्ख कळलं, की पंचेचाळीस वर्षं लोक वाक्याच्या आधी हसत होते. मी ज्याला माझा हशा समजत होते तो माझ्या ओळीच्या आधीच निघालेला असायचा, आणि मला तो उशिरा ऐकू यायचा, कारण मी ओळ सांगण्यात गुंतलेली असायचे. मला लाज वाटली आणि तितकाच आनंद झाला, आणि दोन्ही एकदम आवरेनात.

त्यानंतर ती अंकभर प्रेक्षकांकडे तोंड करून, कपाटाला पाठ लावून उभी राहिली. एकदाही पाठ फिरवली नाही. मी मनात म्हटलं, काय ही जाण, केवढी मोठी नटी आपल्या घरात भाजी चिरत होती.

आणि मग ती अडली. सेनापतीनं विचारलं, "इतकी वर्षं तुला काय वाटत होतं?" याच्यावर तिची सगळ्यात महत्त्वाची ओळ आहे. ती आली नाही. सवयीनं तिचा डावा कान डाव्या विंगेकडे गेला. विंग रिकामी. लोकांना तेही अभिनय वाटलं, ते हसले. कान आणखी वाकला. लोक आणखी हसले. मला मात्र तिसऱ्या रांगेतून ती पाळी लाल झालेली दिसली. ओळ माझ्या जिभेवर होती. सहा शब्द. आवाज गेला तर गेला, असं मी ठरवलं. माझं तोंड उघडलं, दादानं माझा हात घट्ट धरला.

वहिनी समोर वळली. तिनं मला बरोबर शोधलं, सातशे माणसांत.

"तू गप्प बस," ती म्हणाली. "डॉक्टरांनी सांगितलंय."

माझ्या घशातून जो आवाज निघाला तो हसण्याचा होता, हे दादानं मला नंतर पटवून दिलं. गंजलेलं फाटक उघडावं तसा तो होता. डॉक्टरांची बंदी मोडून मी हसले, पोट धरून हसले, पुढच्या रांगेतली माणसं मागे वळून बघायला लागली. वहिनी कपाटाला टेकून ऐकत होती. तिचा सबंध चेहरा थांबला होता. मग तिनं सेनापतीकडे बघून शांतपणे म्हटलं, "इतकी वर्षं ना? मला वाटत होतं, हिला विनोद कळत नाही." ते संहितेत नाही. सेनापतीनं विचारलं, "कुणाला?" आणि पडदा पडला, कारण पडदेवाला हसण्याच्या भरात दोरी सोडून बसला होता.

मेकअपच्या खोलीत ती आरशासमोर बसली होती. माणसं येऊन भेटून गेल्यावर मी दार लावलं.

"हसलीस," ती आरशातून म्हणाली. या वेळी तिनं विचारलं नाही.

मी पाटीवर लिहिलं, 'पंचेचाळीस वर्षं मी चुकीच्या बाजूला बसले.' आणि तिच्यासमोर धरली. तिनं वाचलं. तिनं कुठलाही चेहरा केला नाही. डोळे भरले आणि ते तिनं भरू दिले.

"बाजू चुकीची नव्हती गं," ती म्हणाली. "तू तिथे असायचीस म्हणून मी रिकाम्या डोक्यानं उभी राहू शकायचे. आज डोकं भरलेलं होतं. फार जड गेलं मला." मग नाक पुसून ती स्टुलावर गर्रकन फिरली. "आणि हे बघ."

मधलं बटण सताड उघडं होतं. मी प्रेक्षकांत जाऊन बसले होते आणि बटणं तिनं एकटीनं लावली होती.

"चहा आला, हात मागे नेला, तर खरंच उघडं," ती म्हणाली. "एका हातानं ते लागेना. सगळा अंक कपाटाला चिकटून काढला मी. तू समोर बसून काय करत होतीस?"

मी पाटी पुसली आणि लिहिलं, 'समोरून दिसत नाही.'

"तेच म्हणतेय मी," वहिनी म्हणाली. "पुढच्या वेळी आपल्या जागेवर बस."

डॉक्टरांचे अजून दोन आठवडे बाकी होते, नाहीतर मी तिला चांगलं सुनावलं असतं.